दुकान विकलं, कसब हातातच राहिलं

रमजानमध्ये बाजारपेठेचं घड्याळ बदलतं. दुपारभर पेंगणारा रस्ता असरच्या नमाजनंतर, म्हणजे साधारण पाचच्या सुमारास, खडबडून जागा होतो. खजुराचे ढीग, कलिंगडाच्या गाड्या, भज्यांच्या कढया, शेवयांचे गठ्ठे. रात्री तरावीहची नमाज आटोपली की कपड्यांची, चपलांची, बांगड्यांची खरेदी सुरू होते. त्यामुळे शेजारचे हिंदू, जैन दुकानदारही या महिन्यात उशिरापर्यंत शटर खाली ओढत नाहीत. दिवाळीचे पंधरा दिवस आणि रमजानचा शेवटचा पंधरवडा यांच्यावर कितीतरी दुकानांचं वर्ष निघतं.

या गर्दीत हल्ली एक निराळा माणूस दिसू लागला आहे. हातात पिशवी, चाल सावकाश. गेल्या वर्षापर्यंत तो याच रस्त्यावर गल्ल्यामागे बसायचा. आता त्यानं धंदा विकला आहे. कुणाची मुलं पुण्यात नोकरीला, कुणाची दुबईत, दुकानात बसायला कुणी तयार नाही. कुणाचे गुडघे गेले. कुणाला मॉलनं आणि मोबाइलवरच्या खरेदीनं जेरीस आणलं. कुणाला जागेचा इतका भाव आला की नाही म्हणणं वेडेपणाचं ठरलं असतं. यंत्रमागवाला, बेकरीवाला, छापखानेवाला, मेडिकलवाला असे सगळे धंदे या यादीत आहेत. लोक भेटतात, पाठीवर हात ठेवतात आणि म्हणतात, "सुटलात बुवा एकदाचे!" तो हसून मान डोलावतो. मनात मात्र प्रश्न असतो, सुटलो खरा, पण आता जायचं कुठं?

या प्रश्नाकडे आपण फारसं लक्ष देत नाही. धंदा बुडाला तर सांत्वनाला माणसं येतात. चांगल्या भावानं विकला गेला तर फक्त अभिनंदनाला येतात. पन्नाशीत किंवा साठीत धंदा विकलेल्या माणसापुढं अजून पंधरा-वीस वर्षं हिंडतीफिरती असतात. ती नुसती टीव्हीसमोर आणि औषधांच्या डब्यासमोर गेली, तर त्या माणसाचं नुकसान होतंच, घराचं होतं आणि गावाचंही होतं.

सौद्यात काय काय गेलं?

धंदा विकताना आपण यादी करतो. जागा, फर्निचर, यंत्रं, शिल्लक माल, येणी-देणी आणि धंद्याचं नाव. या सगळ्याची किंमत ठरते. पण त्याबरोबर आणखी काही गोष्टी निघून जातात आणि त्यांची किंमत कुठल्याच कागदावर लिहिलेली नसते.

पहिली गोष्ट म्हणजे दिवसाची घडी. सकाळी नऊला किल्ली फिरवायची, दुपारी डबा, सहाला चहा, नऊला हिशेब. तीस वर्षं शरीर याच घडीवर चाललेलं असतं. दुसरी, ओळख. "लाकडाच्या वखारीवाले", "बेकरीवाले चाचा", "प्रेसवाले काका" ही नावं आधार कार्डावर नसतात, तरी गावात तीच चालतात. तिसरी, माणसं. रोज उगाचच पायरीवर टेकणारे दोघे-चौघे, हमाल, नोकर, मालाचा एजंट. आणि चौथी, जी सगळ्यात जास्त बोचते, ती म्हणजे विचारणा. "शेठ, हे कापड धुतल्यावर आटेल का?" "भाई, या मशीनचा आवाज असा का येतोय?" दिवसातून पन्नास वेळा कुणीतरी आपल्याला काहीतरी विचारत असतं. सौदा झाला की दुसऱ्या दिवसापासून फोन गप्प होतो.

बायका धंदा बंद करतात किंवा विकतात तेव्हाही हेच होतं. फक्त त्याची चर्चा त्याहून कमी होते. वीस वर्षं पापड-लोणच्यांचा व्यवसाय चालवणाऱ्या किंवा शिवणकामाचं दुकान सांभाळणाऱ्या बाईला "आता घरात आराम करा" असं सांगितलं जातं. घरात आराम कधी असतो हे सांगणाऱ्याला माहीत नसतं. आणि पुरुष घरी बसला की घरातलं वेळापत्रकही बिघडतं. इतकी वर्षं स्वयंपाकघर आपल्या पद्धतीनं चालवणाऱ्या बेगमला किंवा वहिनींना अचानक एक नवा मॅनेजर मिळतो. तो डाळीच्या डब्यांवर लेबलं लावा म्हणतो!

रमजानचा हिशेब

दुकानाविना येणारा पहिला रमजान या माणसाला सुरुवातीला बरा वाटतो. सहरीला उठायचं, पाच नमाज, कुराणाचं पठण, इफ्तार, रात्री तरावीह. गेलेली घडी महिनाभरापुरती परत मिळते. मशिदीत माणसंही भेटतात. खरी परीक्षा ईदनंतर येते. शीरखुर्मा संपतो, पाहुणे परततात, बाजार पुन्हा आपल्या वेळेवर उघडतो आणि याला कुठंच वेळेवर पोचायचं नसतं.

याच महिन्यात बहुतेक मुसलमान घरांत जकातचा हिशेब होतो. ठरावीक मर्यादेवरची संपत्ती चांद्र वर्षभर आपल्याकडे राहिली की तिच्यातला अडीच टक्के भाग गरजूंचा, असा हा ढोबळ नियम. यातली एक बारीक गोष्ट धंदा विकलेल्याला पहिल्यांदा जाणवते. दुकानाची इमारत, माग, भट्टी, अवजारं यांच्यावर जकात लागत नाही. विक्रीच्या मालावर आणि रोख पैशावर लागते. म्हणजे काल जे यंत्र हिशेबाच्या बाहेर होतं, ते विकून रोकड झालं की हिशेबात आलं. एक लाखाला अडीच हजार, दहा लाखांना पंचवीस हजार, आणि हे दरवर्षी. हजरत उमर यांच्या नावे एक सूचना सांगितली जाते. अनाथ मुलांचा पैसा सांभाळणाऱ्यांनी तो व्यापारात लावावा, नाहीतर जकात देता देता तो संपेल, असा तिचा आशय आहे. त्यामागचा व्यवहार कुणालाही पटावा. कामाला लागलेली वस्तू आणि नुसती पडून राहिलेली वस्तू यांत फरक आहे. माणसाचंही तसंच आहे.

पहिल्या वर्षाची घाई

मग करायचं काय? इथं दोन घाया होतात. पहिली पैशाची. सौद्याची बातमी पसरली की दूरचे नातेवाईक जवळ येतात. कुणी प्लॉट सुचवतो, कुणी हॉटेलात भागीदारी, कुणी महिन्याला अमुक टक्के देणारी योजना. ज्यानं आयुष्यभर पाच रुपयांची घासाघीस केली तो माणूस रिकामपणाला कंटाळून लाखांची सही करून मोकळा होतो. पैसा वाढावा एवढाच त्याचा हेतू नसतो. पुन्हा कुणीतरी आपल्याला "शेठ" म्हणावं, ही खरी भूक असते.

दुसरी घाई म्हणजे तोच धंदा चार दुकानं सोडून पुन्हा थाटण्याची. इथं कायदाही आडवा येतो. भारतीय करार कायदा, १८७२ च्या कलम २७ प्रमाणे कुणाला धंदा करण्यापासून रोखणारा करार सर्वसाधारणपणे रद्दबातल ठरतो. त्याला एक अपवाद आहे. धंद्याचं गुडविल विकणाऱ्यानं ठरलेल्या हद्दीत, घेणारा तिथं धंदा चालवत असेपर्यंत, तसाच धंदा करू नये, अशी वाजवी अट घालता येते. तेव्हा सौद्याच्या कागदात ही अट आहे का, हद्द कुठली, मुदत किती, हे सही करण्याआधी वकिलाकडून समजून घ्यावं. सही झाल्यावर कपाळाला हात लावून उपयोग नाही.

मोठ्या माणसांनाही ही घाई भोवते. कॅप्टन गोपीनाथ यांनी २००३ मध्ये एअर डेक्कन सुरू केली आणि स्वस्त तिकिटांमुळे कितीतरी सामान्य माणसं पहिल्यांदा विमानात बसली. २००७ मध्ये ती कंपनी किंगफिशरच्या समूहाकडे गेली. २००९ मध्ये त्यांनी लोकसभा लढवली, हरले. त्याच वर्षी डेक्कन ३६० ही मालवाहू विमानसेवा काढली, ती २०११ मध्ये बंद पडली. हा माणूस धडाडीचा, लष्करातून बाहेर पडून शेतीत रमलेला, हे खरंच. पण आधीच्या यशाचा आवाका पुढच्या कामाला लगेच लाभतोच असं नाही. त्यांना झेपली ती पडझड आपल्या गावातल्या दुकानदाराला झेपणारी नसते.

कोपऱ्यातली बाटली

आता याच्या उलट उदाहरण पाहू. १९७७ मध्ये कोका-कोला भारतातून गेली आणि पार्लेच्या रमेश चौहान यांचं थम्स अप बाजारात आलं. १९९३ मध्ये कोका-कोला परतली. चौहान यांनी थम्स अप, लिम्का, गोल्ड स्पॉट, माझा हे सगळे ब्रँड तिलाच विकून टाकले. त्या वेळी ते त्रेपन्न वर्षांचे होते. ज्या नावांनी घराघरांत ओळख दिली ती सगळी एका सौद्यात गेली.

पण एक वस्तू उरली होती. पार्लेनं १९६९ मध्ये बिस्लेरी विकत घेतली होती. कोल्ड्रिंकच्या झगमगाटात पाण्याची बाटली कोपऱ्यात पडून राहिली होती. चौहान त्या बाटलीकडे वळले. पाणी विकत कोण घेणार, असं विचारणारा तो काळ. आज एसटी स्टँडवर दुसऱ्याच कंपनीची बाटली घेतानाही आपण "एक बिस्लेरी द्या" म्हणतो. बाटली कशी भरावी, गाडी कुठवर पोचवावी, गल्लीतल्या दुकानदाराशी कसं बोलावं, हे ज्ञान थम्स अपबरोबर विकलं गेलं नव्हतं. ते त्यांच्या डोक्यात होतं आणि नव्या कामाला तेच उपयोगी पडलं.

आपल्या प्रत्येकाच्या धंद्यात अशी एखादी कोपऱ्यातली बाटली असते. बेकरीवाल्याला पाव करून पैसा मिळालेला असतो, पण पोरांना भट्टीचं काम शिकवण्यात त्याचा जीव असतो. छापखानेवाल्याकडे लग्नपत्रिकांचं उत्पन्न असतं, पण शुद्धलेखन तपासण्यात त्याचा हात कुणी धरत नाही. धंद्याच्या धबडग्यात ही गोष्ट मागं पडलेली असते. ती आता शोधता येते.

तेलंगणातल्या फणींद्र सामा यांची गोष्ट वयानं तरुण माणसाची आहे, पण ती इथं सांगण्यासारखी आहे. २००५ च्या दिवाळीत बंगळूरहून गावी जायला त्यांना बसचं तिकीट मिळालं नाही. त्या त्रासातून २००६ मध्ये त्यांनी दोन मित्रांबरोबर रेडबस उभी केली. २०१३ मध्ये ती इबिबो समूहाला विकली. नंतर २०१८ मध्ये तेलंगणा सरकारनं त्यांना राज्याचे पहिले मुख्य नवोन्मेष अधिकारी नेमलं. त्या पदावरचं काम काय होतं, तर खेड्यापाड्यांतल्या लोकांच्या कल्पनांना वाट करून देणं. कंपनी विकली गेली होती. एखादी अडचण पाहून "याला काही तोड निघेल का?" असं विचारण्याची सवय विकली गेली नव्हती.

विणकराचा मुलगा

मालेगाव, भिवंडी, इचलकरंजी या गावांशी ज्यांचं नातं आहे, त्यांना अँड्र्यू कार्नेगी यांची सुरुवात जवळची वाटेल. स्कॉटलंडमधल्या डनफर्मलिनचे ते. वडील हातमागाचे विणकर. वाफेवरचे माग आले आणि वडिलांचं काम गेलं. १८४८ मध्ये कुटुंब अमेरिकेला गेलं. तिथं एका कर्नल अँडरसन यांनी आपली सुमारे चारशे पुस्तकं कामगार मुलांना वाचायला खुली केली होती. कार्नेगी त्या पुस्तकांवर वाढले. पुढं ते पोलादाचे राजे झाले. १९०१ मध्ये, वयाच्या पासष्टीत, त्यांनी आपली कंपनी जे. पी. मॉर्गन यांच्या गटाला ४८ कोटी डॉलरना विकली. उरलेली अठरा वर्षं पैसा वाटण्यात घालवली. त्यांच्या देणगीतून जगभर २,५०९ ग्रंथालयं उभी राहिली.

त्यांच्याही हिशेबाला दुसरी बाजू आहे. त्यांच्या कारखान्यातल्या कामगारांचे हाल आणि १८९२ चा रक्तरंजित संप इतिहासात नोंदलेला आहे. पण धंदा विकणाऱ्यानं पाहण्यासारखी एक तारीख आहे. त्यांचं पहिलं ग्रंथालय डनफर्मलिनला १८८३ मध्ये सुरू झालं, म्हणजे कंपनी विकण्याच्या अठरा वर्षं आधी. विकल्यानंतर काय करायचं हा शोध त्यांनी सौद्याच्या दुसऱ्या दिवशी सुरू केला नाही. दुसऱ्या कामाचं बी पहिल्या कामाच्या भरात पेरलेलं होतं. ज्यांचा सौदा अजून व्हायचा आहे त्यांनी हे जरूर ध्यानात घ्यावं. विकण्याआधीच्या वर्षात आठवड्यातले दोन तास तरी पुढच्या कामाला देऊन पाहावेत.

तराजू सोबत नेणारे

व्यापार मागं टाकून दुसरं काम हाती घेणारी माणसं आपल्या मातीतल्या दोन्ही परंपरांना ओळखीची आहेत. देहूच्या तुकोबांचं घर वाण्याचं आणि महाजनकीचं. सावकारीची खतं त्यांनी इंद्रायणीत सोडून दिली, ही कथा महाराष्ट्रातलं पोर सांगेल. हजरत अबू बक्र हे कापडाचे व्यापारी. पैगंबरांच्या निधनानंतर, सन ६३२ मध्ये, त्यांच्यावर खिलाफतीची जबाबदारी आली. दुसऱ्या दिवशी सकाळी ते नेहमीसारखे कापड खांद्यावर टाकून बाजाराकडे निघाले, असं परंपरा सांगते. घर तर चालवायचं होतं! वाटेत हजरत उमर भेटले. लोकांचं काम आणि दुकान दोन्ही कसं जमणार, असं त्यांनी विचारलं. मग बैतुलमाल म्हणजे सार्वजनिक खजिन्यातून घरखर्चापुरता भत्ता ठरला. अखेरच्या दिवसांत तो भत्ताही परत करण्याची सूचना त्यांनी घरच्यांना दिली, असंही सांगितलं जातं.

दुकान सुटलं तरी हिशेब सुटला नाही. उलट तो जास्त कडक झाला. कुराणातल्या अल्-इन्शिराह या छोट्या सूरेत, एका कामातून मोकळे झालात की पुढच्या कष्टाला लागा, असा आशय आला आहे. ते सांगणं इबादतीच्या संदर्भात समजलं जातं. पण मोकळा झालेला माणूस रिकामा राहू नये, ही त्यातली शिकवण दुकान विकलेल्यालाही लागू पडते.

आपल्या गावात काय करता येईल?

सुरुवातीला एक वही घ्यावी. गेल्या दहा वर्षांत लोक आपल्याला गिऱ्हाईक नसतानाही काय विचारायला यायचे, ते लिहून काढावं. कुणी हिशेब समजून घ्यायला यायचं, कुणी भांडण मिटवायला, कुणी माल पारखायला, कुणी पोराला कामाला लावा म्हणून. या यादीतच बहुधा पुढचं काम दडलेलं असतं.

मग गावाची गरज पाहावी. मशिदीचा ट्रस्ट, देवस्थान, शाळा, वाचनालय, पतसंस्था या सगळीकडे एकाच गोष्टीची बोंब असते. पावत्या नीट लावणारा, कोटेशन वाचणारा, ठेकेदाराला दोन शब्द सुनावू शकणारा माणूस मिळत नाही. व्यापाऱ्याला हे काम डाव्या हाताचं. आयटीआयमधून बाहेर पडलेल्या पोराला यंत्र चालवता येतं, पण दर कसा काढायचा, उधारी किती द्यायची, गिऱ्हाईकाला नाही कसं म्हणायचं, हे त्याला कुणी शिकवलेलं नसतं. नवीन दुकान टाकणाऱ्या तरुणाला कर्जापेक्षाही पहिल्या सहा महिन्यांत सोबत बसणारा जाणता माणूस जास्त लागतो. बचतगटाच्या बायकांना आपल्या मालाची किंमत लावताना स्वतःची मजुरी धरायची असते, हे कुणीतरी सांगावं लागतं.

काही पथ्यं मात्र पाळावीत. नवं काम निवडण्याआधी तीन महिने करून पाहावं, लगेच पद स्वीकारू नये. आठवड्याचे दिवस आणि तास ठरवून घ्यावेत, कारण घडी परत मिळाली तर मन थाऱ्यावर येतं. गरज असेल तर मोबदला मागायला लाजू नये. फुकटचा सल्ला लोक फुकट घालवतात. नव्या कामात आपण मालक नाही, हे रोज स्वतःला सांगावं. तीस वर्षं हुकूम सोडलेल्या जिभेला ऐकण्याची सवय लागायला वेळ लागतो. विकलेल्या दुकानाच्या पायरीवर रोज जाऊन बसू नये. नव्या मालकानं पाटीचा रंग बदलला की जीव जळतो आणि त्याच्याही धंद्याला ते बरं नाही. पैशाचा मोठा निर्णय पहिलं वर्ष लोटेपर्यंत शक्यतो टाळावा. कराचं मात्र सीएकडून लगेच मार्गी लावावं. आणि हे सगळं घरच्यांना, विशेषतः जोडीदाराला, विचारून करावं. तुमच्या दुकानाच्या वेळांवर तिचंही आयुष्य तीस वर्षं बेतलेलं होतं. तिलाही कदाचित स्वतःचं काहीतरी सुरू करायचं असेल.

ज्यांनी धंदा विकलेला नाही, त्यांच्यासाठीही एक विनंती. या रमजानमध्ये इफ्तारच्या निमित्तानं किंवा ईदच्या शीरखुर्म्याला असा एखादा माजी दुकानदार तुमच्या शेजारी बसेल. त्याला "किती आले?" असं विचारू नका, सगळे तेच विचारतात. तुमच्या धंद्यातली एखादी खरी अडचण त्याच्यापुढं ठेवा. माल अंगावर पडलाय, नोकर टिकत नाहीत, भागीदाराशी पटत नाही, असलं काहीही. तो खुर्ची पुढं ओढून घेईल आणि आधी दोन प्रश्न विचारेल. त्याचं ऐका, आणि जाताना पुढच्या आठवड्यात दुकानावर कधी येताय, तेवढं ठरवून घ्या.